दुसऱ्याच्या वावराचं खरेदीखत

आमच्या वावराचं खरेदीखत ज्या माणसानं लिहून दिलं, त्याच्या मालकीचं त्या दिवशी त्या वावरातलं एक ढेकूळही नव्हतं. तरी आज ते वावर आमचं आहे. लोक म्हणतात, नशिबानं मिळालं. नशीब काही यवतमाळच्या कोर्टाच्या व्हरांड्यात तीन वर्षं बसलं नव्हतं. मी बसले होते.

छप्पन साली आमच्या घरानं बौद्ध धम्म घेतला आणि दुसऱ्याच महिन्यापासून आर्णीकडच्या आमच्या जुन्या गावात आमचं जगणं अवघड झालं. मेलेली ढोरं ओढायला आम्ही नाही म्हटलं. गावानं आम्हाला कामाला बोलवायला नाही म्हटलं. माझा नवरा शांत माणूस. त्याचं म्हणणं, थोडे दिवस जातील, सगळं सुरळीत होईल. मी म्हटलं, सुरळीत होईपर्यंत खायचं काय? मी सातवी पास होते. आमच्या वस्तीत तेवढं शिकलेलं दुसरं कोणी नव्हतं, त्यामुळे माझं म्हणणं निदान ऐकून घेतलं जाई. आम्ही घर विकलं, बैलजोडी तेवढी ठेवली, माझं चांदीचं काय होतं नव्हतं ते मोडलं आणि कुठं वावर मिळतं का ते बघायला लागलो.

बाभुळगावच्या बाजारात नवऱ्याला तो भेटला. दोन कोसांवरच्या गावचा शेतकरी. धोतर परीटघडीचं, बोलणं तुपातलं. विकायला पाच एकर काळं वावर आहे म्हणाला. नवरा घरी आला तो वावर मिळाल्यासारखाच. मी विचारलं, "विकून काहून राह्यला तो?"

"त्याले वाहणं होत नाही म्हणे."

"तुमच्यासमोर त्याचे हात होते ना? चांगले होते का?"

नवऱ्यानं हात पाहिले नव्हते.

कापूस फुटला होता तेव्हा आम्ही वावर पाहायला गेलो. धुऱ्याधुऱ्यानं, बांधाबांधावरून त्यानं आम्हाला चारी बाजूंनी फिरवलं. हा नाला, ही बाभूळ, हा शेजाऱ्याचा दगड. वावरात एक म्हातारी कापूस वेचत होती. ओटीत कापूस, डोक्यावर फडकं, पाठ वाकलेली. मी विचारलं, ही कोण? तो म्हणाला, "काकू हाये माही. मूलबाळ नाही तिले. पोसतो मी." पोसतो म्हणताना त्यानं छातीवर हात ठेवला. छातीवर हात ठेवून बोलणाऱ्या माणसावर मी तेव्हा विश्वास ठेवत असे. आता उलटं करते.

आम्ही जवळ गेलो तशी म्हातारीनं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाली, "वेचणीले आली का वं? शेराले काय घेतं?"

मी काही बोलायच्या आत तो मध्ये आला. "काकू, ऊन झालं, तू पानी पे जाय." मग माझ्याकडे वळून हळूच म्हणाला, "म्हाताऱ्या मानसाचं काय, काहीही बोलते." त्यानं तिच्या हातावर तंबाखूची पुडी ठेवली. तिनं ती मळायला घेतली. आम्ही पुढचा धुरा पाहायला गेलो.

मजुरी काय घेतेस असं कोण विचारतं? मालक. एवढी साधी गोष्ट माझ्या डोक्यात आली नाही, कारण वावर मला हवं होतं. हवं असलेलं माणसाला दिसतं, बाकीचं दिसत नाही. यात माझी काही थोरवी नाही आणि ते मी लपवतही नाही.

पटवाऱ्याकडे मात्र मी स्वतः गेले. तो एका घराच्या ओसरीत खाट टाकून बसला होता. त्यानं दप्तरातून पेरेपत्रक काढलं, बोट ठेवलं आणि म्हणाला, "हे पाहा, नाव आहे त्याचं." मी वाचलं. नाव होतं. सर्व्हे नंबरही बरोबर होता. आम्ही निर्धास्त झालो. पेरेपत्रकावर त्या साली कोणी पेरलं त्याचं नाव असतं, मालकाचं नाव दुसऱ्या कागदावर असतं. हे मला माहीत नव्हतं. पटवाऱ्याला माहीत होतं. मी विचारलेला कागद त्यानं दाखवला, न विचारलेला दाखवला नाही, आणि जाताना चहा घ्या म्हणाला. आमच्या भागातली निम्मी वावरं त्या काळी अशी नाव पाहूनच विकली जात. नाव कशाचं आहे हे कोणी विचारत नसे. विचारणारा म्हणजे भांडकुदळ.

खरेदीखत यवतमाळला झालं. कचेरीबाहेरच्या लिंबाखाली अर्जनवीस बसत. त्यातल्या एकानं झरझर लिहिलं आणि वाचून दाखवलं, की सदरहू शेत आजपासून तुम्हांस कायमचे विकले आहे. मी म्हटलं, "शेत कोणाचं आहे ते कुठं लिहिलं?"

अर्जनवीस चष्म्यावरून माझ्याकडे पाहत नवऱ्याला म्हणाला, "विकतो आहे म्हणजे त्याचंच असणार ना?"

"मग लिहायला काय जातं?" मी म्हटलं.

"बाई, माझी शाई जाते."

आजूबाजूचे दोन-चारजण हसले. नवऱ्यानं माझ्या पदराला हलकेच ओढलं. पण विकणारा मोठ्या मनानं म्हणाला, "लिहा ना जी, लिहा. माह्यंच तर हाये." आणि अर्जनविसानं जागा शोधून बारीक अक्षरात लिहिलं, की सदरहू शेत माझ्या एकट्याच्या मालकीचे असून त्यावर दुसऱ्या कोणाचाही हक्क वा संबंध नाही. त्यानं खाली सही केली. त्याला वाटलं, बाईचं मन राखलं. बाईचं मन राखायला लिहिलेली ती ओळ पुढे त्याच्या नरड्यात अडकली.

त्यानं सांगितलं, उभा कापूस माझा, तो निघाला की वावर तुमचं. आम्ही त्या गावाच्या कडेला झोपडी बांधली. जुन्या गावात आता आमचं काहीच उरलं नव्हतं. मृग लागला आणि नवऱ्यानं वखर धरलं. वखराच्या दोन फेऱ्या झाल्या असतील, तेवढ्यात धुऱ्यावरून म्हातारी आली. हातात विळा. चाल अशी, की बैलच आधी थांबले.

"कोन हाये रे थे? काढ थे वखर माह्या वावरातून!"

नवरा म्हणाला, "माय, हे वावर आम्ही घेतलं."

"कोनापासून?"

नवऱ्यानं पुतण्याचं नाव सांगितलं. म्हातारी हसली. तिला चारच दात होते आणि चारही दाखवून हसली. "त्याच्या बापाचं आन् माह्या मालकाचं कधीचं वेगळं झालं. हे माह्या मालकाचं वावर. मालक मेला, आता माह्यं. तो एखांद्या साली पेरू लागते मले, त्याचं खाते आन् जाते. त्यानं इकलं? उद्या तो मलेही इकन!"

मी खरेदीखत पुढे धरलं. ती म्हणाली, "कागद मले कायले दाखोतं? त्याले दाखोव." मग माझ्याकडे जरा निरखून पाहिलं. "तू थेच न वं? वेचणीले आलती ते? तो मले म्हणे, वेचणारे मजूर पाहून आनले."

म्हणजे तिला सांगितलं, हे मजूर. आम्हाला सांगितलं, ही पोसलेली. मधल्या मधे पाच एकर विकून तो मोकळा.

आम्ही त्याच्या घरी गेलो. तो ओसरीत बसून पान लावत होता. लाजला नाही, दचकला नाही. म्हणाला, "तिचं काय, आज हाये उद्या नाही. मंग माह्यंच हाये. थोडं थांबा न जी. जमीन कुठं पळून राह्यली?" त्याच्या डोक्यात विकणं आणि मालक असणं या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंधच नव्हता. काकू आज ना उद्या मरणार, मग वावर माझं, म्हणजे ते आजच माझं. त्या गावात असा विचार करणारा तो एकटा नव्हता. कितीतरी पुतणे आपापल्या काकवांच्या वावरांकडे याच नजरेनं पाहत हिंडत. यानं फक्त विकण्याची घाई केली.

नवरा झोपडीत येऊन तोंड झाकून पडला. मी वकिलाकडे गेले.

यवतमाळचा हा वकील जाडा, संथ, बोलताना मधूनच डोळे मिटणारा. त्यानं खरेदीखत दोनदा वाचलं. बारीक अक्षरातली ओळ आली तिथं डोळे उघडले. "हे कोणी लिहायला लावलं?"

"मी."

"हं." मग त्यानं मला समजावलं. "नव्या कायद्यानं विधवेकडे असलेली जमीन पूर्ण तिची झाली. पोटापुरती, हयातीपुरती असं काही आता राहिलं नाही. तेव्हा आज तुमचा कागद म्हणजे कागद. दोन वाटा आहेत बाई. एक, पैसे परत मागा. त्यानं ठेवले आहेत का?"

"त्यानं मुलीचं लग्न केलं."

"मग दुसरी. थांबा. म्हातारीला मूल नाही. ती काही लिहून न ठेवता गेली, तर वारस हाच. ज्या दिवशी वावर त्याच्याकडे येईल, त्या दिवशी तुम्ही म्हणायचं, तू माझं म्हणून विकलंस, आता खरंच तुझं झालं, आण इकडे. त्याला नाही म्हणता येत नाही. कायद्यात तसं कलम आहे. फक्त घेताना तुम्हाला खरं माहीत नव्हतं, हे टिकलं पाहिजे."

"आणि तिनं दुसऱ्याच कोणाला लिहून दिलं तर?"

"तर या कागदात भजी बांधा," वकील म्हणाला आणि डोळे मिटले.

तर असं होतं आमचं. एका म्हातारीनं काही लिहू नये, एका लुच्च्यानं तिचा वारस व्हावं, आणि मग आम्हाला आमचं वावर मिळावं. परत जायला गाव नव्हतं. नवऱ्याला हंगामात बाभुळगावच्या जिनिंगात काम मिळालं. मी गावात मजुरीला जाऊ लागले. आणि मजुरी जिथं मिळेल तिथं करायची, तर म्हातारीच्या वावरात का नाही? तिला माणूस लागत होतं. गावातल्या बाया तिच्या तोंडाला घाबरत. मी घाबरत नव्हते. चार वर्षं मी त्या वावरात निंदलं-खुरपलं, वेचलं, कापसाच्या पऱ्हाट्या उपटल्या. खरेदीखत माझ्या पेटीत होतं आणि संध्याकाळी मजुरी माझ्या हातात वरून टाकली जात होती. वरूनच. पाणीही वरून. धम्म घेतल्याचं तिला सांगितलं तर म्हणाली, "घेतला तं घेतला. वंजळ धर."

आम्ही तिला पाटलीणबाई म्हणावं अशी तिची अपेक्षा होती. मी मावशी म्हटलं.

"मी कोनाची मावशी वं?"

"मग काय म्हणू? सासू म्हणू?"

तिनं विळा उगारला, पण मग हसत राहिली. तिला उलट बोलणारं माणूस आवडे. गावात तसं कोणी उरलं नव्हतं. प्रेम वगैरे काही नव्हतं आमच्यात. एकदा वेचता वेचता पाठ सरळ करायला मी थांबले, तर ती दुसऱ्या ओळीतून म्हणाली, "माह्या मरणाची वाट पाहून राह्यली का वं?"

"हो," मी म्हटलं.

"मंग बस थोडी. पाय दुखतीन. मी काही इतक्यात मरत नाई."

मी एकदा सरळ विचारलं, की पुतण्याला धडा शिकवायचा असेल तर वावर आमच्या नावानं लिहून का देत नाहीस? ती म्हणाली, "मी कोनालेच देत नाई. मी हावो तवरक माह्यं. मंग भांडा." एवढी स्वच्छ अक्कल त्या गावात दुसऱ्या कोणाकडे नव्हती. पुतण्या तिच्याकडे अधूनमधून जिलबी घेऊन जाई आणि सोबत शाईची डबी नेई. ती जिलबी खाई आणि अंगठा पदरात बांधून बसे. जिलबी संपली की म्हणे, "आता जाय."

बासष्टच्या उन्हाळ्यात ती गेली. सकाळी अंगणात झाडू घेऊन बसली ती उठलीच नाही. गाव जमलं. ताटी बांधून झाली, मडकं आलं, गोवऱ्या पेटल्या. मडकं धरायला पुतण्या नव्हता. त्याच्या बायकोनं दारातूनच सांगितलं, "ते तं आर्णीले गेले. मुलीकडे. कालच गेले."

मला आदल्या संध्याकाळी तो हौदावर दिसला होता.

मग हळूहळू उलगडा झाला. गावात कुजबूज कधी दडत नाही. लिंबाखालच्या त्याच अर्जनविसानं त्याला सांगितलं होतं, की म्हातारीचा वारस झालास तर जुनं खरेदीखत उभं राहतं. तेव्हा यानं काय डोकं लढवलं? वारसच व्हायचं नाही. आणि वारस कोण? जो मडकं धरतो तो. मडकं नाही धरलं तर वारस नाही. मग पुढे काही दिवसांनी काकूनं मरताना वावर माझ्या बायकोला तोंडी दिलं असं सांगायचं. एवढ्या शहाणपणावर तो घरात लपून बसला होता. आणि सगळं गाव, पाटलासकट, खरंच मानत होतं, की मडकं धरल्याशिवाय वारस होत नाही. कायद्याला मडक्याशी काही देणंघेणं नाही हे वकिलानं मला नंतर हसत हसत सांगितलं. त्या दिवशी मलाही ते माहीत नव्हतं.

ऊन चढलं. ताटी अंगणात तशीच. माणसं सावलीला सरकू लागली. कोणी म्हणे, लांबचा भाचा आहे त्याला बोलवा. कोणी म्हणे, पाटलांनीच द्या अग्नी. पाटील म्हणाला, माझा काय संबंध? त्या गावात नाही म्हणायची वेळ आली की सगळे हेच म्हणत. जिनं आयुष्यभर या लोकांना तोंडावर सुनावलं, तिच्या प्रेतावर माशा बसत होत्या आणि हे लोक संबंध शोधत होते.

मी पुतण्याच्या दारापुढे जाऊन उभी राहिले. आत गेले नाही. आत जाऊ दिलंही नसतं. पाटलाला उद्देशून, पण सगळ्यांना ऐकू जाईल अशी बोलले.

"पाटील, म्हातारी बिनवारस मेली. तुम्ही पंचनामा करा. पटवाऱ्याला बोलवा. बिनवारस जमीन सरकारजमा होते. माझा कागद फुकट गेला तर गेला, पण वावर सरकारात जमा करून टाका. उद्या लिलाव होईल."

पाटलानं मान हलवली. "हाव, कायदा तं तसाच हाये."

आत काहीतरी पडल्याचा आवाज झाला. बायको म्हणाली, "मांजर हाये." मग ते मांजर धोतर सावरत बाहेर आलं. ज्वारीच्या कणगीमागे बसला होता. केसांत भुसा, कपाळावर जाळं. तो म्हणाला, "मी आत्ताच आलो. मागच्या दारानं."

त्या घराला मागचं दार नव्हतं.

कोणीतरी विचारलं, "आर्णीहून पायी आला का गा?" माणसं हसली. प्रेत अंगणात असताना हसली, आणि मीही हसले. त्यानं मडकं उचललं. धूर त्याच्या डोळ्यांत गेला, त्यामुळे रडल्यासारखं दिसलं. गावभर तो पुढे आणि मागे काकूची ताटी. वावर आपल्याला न मिळता दुसऱ्याला गेलं असतं तर त्यानं सोसलं असतं. कोणालाच न मिळता सरकारात गेलं असतं, हे त्याला सोसणारं नव्हतं.

तेरवी झाल्यावर नवऱ्यानं वखर घातलं. वकिलानं नोटीस धाडली होती. पुतण्या आला आणि म्हणाला, "कायचं वावर? मी इकलं तवा थे माह्यं नोतंच. मंग थे खरेदीखत खोटं. आता माह्यं झालं. तुमी निंगा."

त्याच्या तोंडून हे ऐकताना मला राग आला नाही. इतका साफ निर्लज्जपणा मी पहिल्यांदाच जवळून पाहत होते. हेच बोलणं पुढे त्याच्या वकिलानं काळ्या कोटात कोर्टापुढे केलं. माझा अशील त्या वेळी खोटं बोलला होता, सबब शेत माझ्या अशिलाचं आहे.

कोर्ट म्हणजे तारखा. कधी साहेब रजेवर, कधी त्याचा वकील आजारी, कधी कागद सापडत नाही. नवऱ्याला मी नेत नसे. समोरच्या वकिलानं "असंच ना?" म्हटलं की तो "असंच" म्हणणारा. भाकरी बांधून मीच जाई. व्हरांड्यातल्या बाकावर पुतण्याही असे. एकदा मला म्हणाला, "बाई, तुमच्यापाशी थोडी चटणी हाये का?" मी दिली. चटणी खाऊन त्यानं आत जाऊन सांगितलं, की या लोकांना शेत काकूचं आहे हे चांगलं माहीत होतं, मीच त्यांना सांगितलं होतं.

सगळं या एकाच प्रश्नावर येऊन थांबलं. वकिलानं मला आधी बसवून सांगितलं, "म्हातारी दिसली का विचारतील. दिसली म्हणा. बोलली का विचारतील. तिथं..." तो थांबला. डोळे मिटले. "तिथं तुम्हाला आठवत नसेल, तर आठवत नाही म्हणा."

"आठवतं ना."

"मग मी काही ऐकलं नाही," तो म्हणाला.

साक्षीच्या दिवशी मी पिंजऱ्यात उभी राहिले. त्याचा वकील तरुण होता, केसांना तेल. त्यानं विचारलं, "वावर पाहायला गेलात तेव्हा तिथं म्हातारी होती?"

"होती."

"तिच्याशी बोलणं झालं?"

चार वर्षं तिच्या वावरात वाकून काढली होती. परत जायला गाव नव्हतं. आठवत नाही एवढंच म्हणायचं होतं. साक्षीदार कोणी नव्हता, ती मेलेली. पण समोर बाकावर तो बसला होता, छातीवर हात ठेवून. मला एवढंच वाटलं, की याच्यासारखं व्हायचं असेल तर पाच एकर फार महाग पडतील.

"झालं," मी म्हटलं. "तिनं विचारलं, वेचणीला आलीस का, शेराला काय घेतेस."

तेलाचे केस चमकले. "म्हणजे तिनं तुम्हाला मजुरी विचारली! मजुरी मालक विचारतो ना बाई? म्हणजे मालक ती आहे हे तुम्हाला त्याच दिवशी कळलं!"

माझ्या वकिलानं कपाळाला हात लावला.

"साहेब," मी न्यायाधीशांकडे पाहून म्हटलं, "तिला यानं सांगितलं होतं, हे मजूर वेचणीला आणले. मला सांगितलं होतं, ही मी पोसलेली. तिनं मला मजूर समजलं, मी तिला पोसलेली. आम्हा दोघींपैकी एकीनं जरी दुसरीला खरं ओळखलं असतं, तर हा विकू शकला असता का?"

न्यायाधीश पातळ, खोकणारा गृहस्थ होता. त्यानं पुतण्याकडे पाहिलं. "तुम्ही काकूंना सांगितलं होतं का, की हे मजूर आहेत?"

पुतण्या उठला. त्याच्या वकिलानं त्याला डोळ्यांनी खुणावलं. पण कोर्टात साहेबांनी स्वतः विचारलं याचाच त्याला मान वाटला असावा. "सांगतलं ना साहेब," तो म्हणाला. "नाही तं तिनं दगड मारले असते. इकू देल्लं असतं का तिनं?"

बाकांवर कोणीतरी फिस्सकन हसलं. न्यायाधीशांनी लिहून घेतलं. मग खरेदीखत मागवलं आणि बारीक अक्षरातली ती ओळ मोठ्यानं वाचली. माझ्या एकट्याच्या मालकीचे. दुसऱ्या कोणाचाही हक्क वा संबंध नाही. वाचून त्यांनी पुतण्याला विचारलं, "ही सही तुमची?" तो म्हणाला, "हाव. पण थे बाईच्या मनासाठी लिहिलं होतं."

निकाल आमच्या बाजूनं लागला. निकालाचा कागद वकिलानं मला वाचून दाखवायला घेतला, तर मी त्याच्या हातून घेतला आणि स्वतः वाचला. बाहेर येऊन नवऱ्याला सांगितलं. तो रडायला लागला. मी म्हटलं, "गाडी चुकेल, चला."

मग पटवाऱ्याकडे गेले. तोच पटवारी, तीच खाट. म्हटलं, "पेरेपत्रक नको. मालकाचं नाव असतं तो कागद काढा." त्यानं काढला. समोर बसून नवऱ्याचं नाव चढवून घेतलं. शाई वाळेपर्यंत उठले नाही. त्यानं चहा विचारला, मी नको म्हटलं.

पुतण्या अजून आहे. पारावर बसतो. नव्या माणसाला, विशेषतः निवडणुकीच्या दिवसांत जीपमधून आलेल्या माणसाला, आमच्या वावराकडे बोट दाखवून सांगतो, "हे वावर मी देल्लं त्याहिले. गरीब लोक होते. आपल्याच्यानं पाहवलं नाही." छातीवर हात असतोच. जीपमधले लोक मान डोलावतात. एकदा मी कापसाचं गाठोडं घेऊन तिथूनच चालले होते. त्यानं मला पाहिलं तरी थांबला नाही, उलट मलाच विचारलं, "खरं की नाही बाई?"

"खरं आहे," मी म्हटलं. "सहीच आहे तुमची."

आणि गाठोडं दुसऱ्या खांद्यावर घेऊन घरी आले. त्या साली कापूस बरा झाला होता.